वानरांच्या पिल्लांचा खेळ कसा पाहावा आणि कसा नोंदवावा

वन्यप्राण्यांचा खेळ अभ्यासायचा असेल, तर बेळगाव जिल्ह्याच्या खानापूर तालुक्यातील वाचकांनी सुरुवात वानरांपासून करावी. २०११ मध्ये अभयारण्य घोषित झालेल्या भीमगडच्या जंगलात गवे, अस्वले आणि रानकुत्रीही आहेत; पण ती निवांत दिसणे दुर्मीळ, उलट जांबोटी-कणकुंबीच्या बाजूला वानरांचा कळप तासन्‌तास नजरेसमोर राहू शकतो.

सकाळचे चरणे उरकून, ऊन चढल्यावर कळप झाडावर विसावतो आणि माद्या एकमेकींचे केस चाळत बसतात, तेव्हा पाहायला बसावे. पोट भरलेले असणे आणि भीती नसणे, या दोन गोष्टी जुळल्याशिवाय पिल्ले सहसा खेळत नाहीत. नवजात पिल्लू काळसर असते व आईला बिलगून राहते. ज्याचे अंग करडे झाले आहे, असे एकच पिल्लू निवडून त्याच्यावरच लक्ष ठेवावे.

खरी कसोटी खेळ आणि भांडण वेगळे ओळखण्यात आहे. प्राण्यांच्या वर्तनाचे अभ्यासक गॉर्डन बर्गहार्ट यांनी २००५ मध्ये खेळाचे पाच निकष मांडले. त्यांपैकी पुनरावृत्तीचा निकष मला रानात सर्वाधिक उपयोगी पडला. एकदा जांभळीच्या फांदीला लोंबकळणाऱ्या पिल्लाची शेपटी दुसऱ्याने ओढली, दोघेही पाचोळ्यात पडले आणि लगेच त्याच फांदीवर चढले. हेच त्यांनी सहा वेळा केले, मात्र चौथ्या वेळेपासून ओढणारा लोंबकळू लागला आणि लोंबकळणारा ओढू लागला. अशी अदलाबदल, बळकट पिल्लाने आपणहून खाली लोळणे आणि तोंड उघडे असूनही दात न रुतवणे, ही खेळाची लक्षणे होत. किंचाळी फुटली आणि एकजण पळून परतलाच नाही, तर ते भांडण समजावे.

डोळ्याला सराव हवा असल्यास गल्लीतील कुत्री पाहावीत: पुढचे पाय जमिनीला टेकवून ढुंगण वर करणे, हे खेळाचे आमंत्रण लांडग्यांतही आढळते.

खाऊ मात्र कधीही टाकू नये, कारण त्यावरून कळपात झोंबाझोंबी सुरू होते आणि पाहायचा तो खेळच मोडतो. वहीत वेळ, पिल्लांची संख्या, कोणी सुरुवात केली आणि खेळ कशामुळे थांबला, एवढे लिहावे. थांबण्याचे कारण आपण स्वतः असू, तर तेही प्रामाणिकपणे नोंदवून वीसेक पावले मागे सरकावे.