वळवाच्या आधी लाकूड रचून घ्या

काम दिवाळीनंतर सुरू होणार, पण लाकूड मात्र मे महिन्यातच पुण्याच्या भवानी पेठेतल्या टिंबर मार्केटमधून आणून ठेवायचं, असं ठरवलं असेल तर मधे अख्खा पावसाळा आहे हे धरून चाला. टेम्पो येण्याआधी जागा तयार हवी. हमाल मोकळी जागा दिसेल तिथे माल टाकून जातात, आणि मातीवर पडलेलं लाकूड "उद्या उचलू" म्हणता म्हणता आठवडाभर तिथेच राहतं.

पाणी साचणार नाही अशी उंचवट्याची जागा निवडा. गवत, जुन्या ढलप्या, पुठ्ठे सगळं उचला; वाळवीला याहून वेगळं आमंत्रण लागत नाही. त्यावर दीड-दोन फुटांवर सिमेंट ब्लॉकच्या रांगा लावा आणि दोरी ताणून एका पातळीत आणा. एक ब्लॉक खचला तरी वरच्या फळ्या तोच बाक घेतात, आणि तो बाक रंध्याने जात नाही.

आता रचाई. प्रत्येक थरावर साधारण इंचभर जाडीच्या कोरड्या पट्ट्या आडव्या टाका. पट्ट्या सगळ्या सारख्या जाडीच्या हव्यात आणि वरपासून खालपर्यंत बरोबर एकाखाली एक, ब्लॉकच्या रांगेवरच आल्या पाहिजेत. इथे आळस केला की फळी पिळते. लांब माल खाली, आखूड वर, टोकं लोंबकळत ठेवायची नाहीत. सगळ्यात वर दोन-चार ब्लॉक वजनाला. आणि हो, सुताराला आधी चौकटीचं लाकूड लागणार असेल तर ते तळाशी घालू नका. आम्ही घातलं होतं.

ताडपत्रीबद्दल जरा सविस्तर सांगतो, कारण माझं नुकसान तिनेच केलं. पहिल्या वर्षी मी गठ्ठा चारी बाजूंनी बांधून टाकला, अगदी मायेने. गणपतीत उघडला तर आत घाम फुटलेला, पाईनच्या फळ्यांवर निळे-काळे डाग आणि बुरशीचा वास. लाकडातली ओल बाहेर पडते, तिला जायला वाट हवी. म्हणून वर उताराचा पत्रा घाला आणि बाजू उघड्या ठेवा. आपल्याकडे पावसाळी वारा पश्चिमेकडून येतो, तेव्हा त्या बाजूला पत्रा हात-दीड हात पुढे काढा. फार झोडपतंय असं वाटलं तर तेवढीच बाजू झाका, आणि उघडीप मिळताच सोडा.

फळ्यांच्या टोकांना ऑइलपेंट किंवा मेण लावायला विसरू नका. ओल टोकांतून सगळ्यात वेगाने जाते, म्हणून चिरा तिथूनच सुरू होतात. प्लायवूड मात्र बाहेर नकोच. खोलीत, सपाट ठोकळ्यांवर आडवं. भिंतीला टेकवलेली शीट पोट काढते. तयार चौकटींच्या खालच्या टोकाला आडवी पट्टी ठोकून ठेवा, नाहीतर पाय फाकतात.

दर पंधरा दिवसांनी टॉर्च घेऊन खाली वाका. ब्लॉकवर मातीची बारीक नळी चढलेली दिसली तर ती वाळवी. ती फक्त पुसून भागत नाही, तळाच्या जमिनीत औषध द्यावं लागतं. टाल्कम पावडरीसारखा भुसा पडत असेल तर भुंगा लागलाय. तो बहुतेक सालीकडच्या पांढुरक्या भागात असतो, सागाच्या गाभ्याच्या वाटेला सहसा जात नाही. बिडी-काडी, चुली आणि वेल्डिंग गठ्ठ्यापासून लांब. टोकांवर रंगाची खूणही करा, कारण रखवालदाराच्या शेकोटीला आपलं-परकं कळत नाही.

लाकूड वाळलं का हे मीटरवर दिसतं. २० टक्क्यांच्या खाली ओल असली की कूज धरत नाही. आतल्या फर्निचरला त्याहून बरंच कमी लागतं. मीटर नसेल तर फळीच्या मधला हातभर तुकडा कापून गठ्ठ्यातच ठेवा आणि दर रविवारी स्वयंपाकघरातल्या काट्यावर तोलून वजन त्यावरच पेन्सिलीने लिहा. पावसात आकडा वर-खाली होईल. ऑक्टोबरच्या उन्हात तो उतरत जाईल, आणि लागोपाठ तीन रविवार हलला नाही की मगच सुताराला फोन करा.