क्रॅक सोडून कॅड निवडताना

मी कॅड, म्हणजे संगणकावर ड्रॉइंग काढायचं सॉफ्टवेअर, शिकले ते क्रॅक केलेल्या, म्हणजे लायसन्स चुकवून चालवलेल्या, कॉपीवर. सोबतच्या सूचनांत पहिलंच वाक्य होतं, ‘अँटीव्हायरस बंद करा.’ मी मुकाट्याने केला. काही आठवड्यांत ड्रॉइंगच्या प्रत्येक फोल्डरमध्ये मी न बनवलेली एक एलएसपी फाइल, म्हणजे ऑटोकॅडमध्ये चालणारा छोटा प्रोग्राम, दिसायला लागली, आणि पेनड्राइव्हवरून ती क्लायंटच्या मशीनवरही पोचली. तो फोन अजून आठवतो. २०१२मध्ये सापडलेला ‘मेड्री’ वर्म, म्हणजे आपोआप पसरणारा घातक प्रोग्राम, असाच ऑटोलिस्प या ऑटोकॅडच्या प्रोग्रामिंग भाषेत लिहिलेला होता. तो तर ड्रॉइंग परस्पर ईमेलने बाहेर पाठवायचा.

म्हणून आता ‘क्रॅक सोडून कोणतं कॅड घेऊ?’ असं कोणी विचारलं, की मी उलट विचारते: काढता काय, आणि समोरच्याला कोणती फाइल देता?

नुसते टूडी प्लॅन असतील आणि डीएक्सएफ (वेगवेगळ्या कॅडमध्ये देवाणघेवाणीसाठीचा फाइल प्रकार) चालत असेल, तर लिब्रेकॅड पुरतं. फुकट आहे, धंद्यासाठीही चालतं. डीडब्ल्यूजी, म्हणजे ऑटोकॅडच्या स्वतःच्या फाइल प्रकारात, सेव्ह मात्र होत नाही.

मशीनचे पार्ट काढायचे असतील तर फ्रीकॅड. पूर्वी यात मागचं स्केच बदललं की पुढचं मॉडेल कोसळायचं, कारण मॉडेलच्या पृष्ठभागांना (फेसना) सॉफ्टवेअरने आतून दिलेली नावंच बदलायची. नोव्हेंबर २०२४मध्ये आलेल्या १.० आवृत्तीत हा त्रास बराच कमी झाला. आधी वैतागून सोडलं असेल तर पुन्हा बघा.

‘फुकट’ म्हटलं की अटी वाचा. स्टुडंट लायसन्सवर पैशाचं काम करता येत नाही. ऑनशेप या ब्राउझरमध्ये चालणाऱ्या कॅडच्या फुकट प्लॅनमध्ये तुमची ड्रॉइंग सगळ्यांना दिसतात. क्लायंटचं काम तिथे ठेवू नका.

क्लायंट डीडब्ल्यूजीवरच अडून बसला तर विकत घ्या, पण टूडीपुरतं ऑटोकॅड एलटीवर (ऑटोकॅडची कमी सोयींची, स्वस्त आवृत्ती) भागतं का ते आधी बघा. काम अधूनमधून येत असेल तर तेवढ्या महिन्याचंच सबस्क्रिप्शन घ्या.

ट्रायलवर नमुन्याचं ड्रॉइंग उघडू नका, स्वतःचं सगळ्यात किचकट जुनं उघडा. हॅच (आत भरलेल्या रेघांची नक्षी), फॉन्ट, डायमेन्शन जागेवर आहेत का बघा. १:१०० ला प्रिंट काढून पट्टीने मोजा.

नवीन इन्स्टॉल करण्याआधी क्रॅकची कॉपी काढून टाका, पूर्ण स्कॅन करा, आणि फोल्डरमधल्या अनोळखी एलएसपी फाइली शोधून उडवा. मी हे विसरले होते, आणि विकत घेतलेल्या कॉपीतही तीच फाइल पुन्हा चालू झाली.