८५ टक्क्यांना गणितात किती पाहिजेत?

खानापूरला मी दहावीच्या मराठी माध्यमाच्या पोरांची शिकवणी घेते. पूर्वतयारी परीक्षा आटोपली की सगळ्यांचा एकच प्रश्न, "बाई, ८५ टक्के पडायला गणितात किती पाहिजेत?" आणि लगेच एकेका विषयाचे टक्के काढून त्यांची सरासरी करायला बसतात. टक्के बाजूला ठेवा, एकूण मार्कांत बोला.

आपली एसएसएलसी, म्हणजे कर्नाटक बोर्डाची दहावी, ६२५ मार्कांची. पहिली भाषा, म्हणजे आपली मराठी, १२५ची आणि बाकीचे पाच विषय शंभर-शंभरचे. चंदगडकडची भावंडं 'बेस्ट ऑफ फाइव्ह' सांगतात, म्हणजे जास्त मार्कांचे पाचच विषय धरायचे, ते महाराष्ट्र बोर्डाचं. इकडं सहाही विषय धरतात.

आधी लागणारी बेरीज काढा. ६२५ ला ८५ ने गुणून १०० ने भागलं की ५३१.२५ येतात. पाव मार्क कोणी देत नाही, म्हणून ५३२ धरायचे. ५३१ ला ८४.९६ टक्केच होतात, त्यामुळं अपूर्णांक आला की वरच जायचं.

मग हातातली बेरीज. पूर्वतयारीत खरोखर पडलेले मार्क घ्या, मनातले नकोत. समजा एका मुलीला मराठी ११२, इंग्रजी ७८, कन्नड ८१, विज्ञान ८४, समाज विज्ञान ८८. झाले ४४३. ५३२ मधून ते वजा केले की उरतात ८९. गणितात एवढे पाहिजेत. त्यातले २० अंतर्गत मूल्यमापनाचे. त्यात १९ मिळाले असतील तर ८० च्या लेखी पेपरात ७० आणायचे. हा आकडा ऐकला की पोरांचा चेहरा जरा सैल होतो.

टक्क्यांची सरासरी काढणाऱ्याला इथं ९० येतात. एका मार्कानं काय बिघडतंय, असं वाटेल. पण मराठीत १२५ पैकी ९० च पडले असते तर? खरा हिशेब गणितात १११ मागतो, म्हणजे अशक्य. टक्केवाली रीत सांगते १०७. दोन्ही शंभराच्या वर, पण तूट चार मार्कांनी कमी दिसते. मराठीत ८५ टक्क्यांच्या खाली गेलात की ती रीत नेहमी कमीच सांगणार.

उत्तर शंभराच्या वर आलं तर रडायचं नाही, वाटून घ्यायचं. मराठीत ११२ पडलेल्या वरच्याच मुलीला ८८ टक्के हवे असतील तर ५५० लागतात, म्हणजे गणितात १०७. गणितात ९५ धरले तर १२ कमी पडतात. इंग्रजी, कन्नड, विज्ञान यांत चार-चार वाढवायचे. कन्नडात चार मार्क तर निबंध आणि पत्र नीट लिहिलं तरी निघतात, असं माझं मत.

शिकवणीतल्या ५० मार्कांच्या चाचण्यांना मात्र कागदही लागत नाही. पाच चाचण्यांची सरासरी ४० हवी आणि चार झाल्यात: ३६, ४३, ३८, ३९. चाळीसपासूनचा फरक मोजा: चार कमी, तीन जास्त, दोन कमी, एक कमी. एकूण चार कमी. म्हणून पाचवीत ४४. पण सगळे पेपर सारख्या मार्कांचे असतील तरच हे चालतं. मराठीच्या १२५ला लावू नका.