वेंधळा गुप्तहेर आणि हवेलीतल्या चोऱ्या: कथा लिहिताना या चुका टाळा

इंग्लंडच्या खेड्यातली हवेली, मुक्कामी पाहुणे, एकामागून एक नाहीसे होणारे दागिने आणि तपासाची हौस असलेला एक वेंधळा. साचा सोपा वाटतो, म्हणून नवखे थेट लिहायलाच बसतात. तिथेच घोटाळा होतो.

सगळ्यात मोठी चूक म्हणजे गुप्तहेराला निव्वळ मूर्ख करणं. तो गालिच्याला अडखळतो, कपबशा फोडतो, कपाटात अडकतो. तिसऱ्या पानावर वाचक जांभई देतो. वेंधळ्याची नजर पक्की हवी, चुकायला हवा तो निष्कर्ष. समजा, पावसानंतर खिडकीखालच्या वाफ्यात शिडीच्या पायांचे दोन खड्डे दिसतात. आपला गडी गुडघे टेकून मोजतो: अंतर 15 इंच, खोली जेमतेम पाव इंच. शेजारी त्याच्याच बुटाचा ठसा इंचभर रुतलेला. सगळं वहीत टिपून तो जाहीर करतो, "चोर वजनाने अगदी हलका. म्हणजे तो जॉकी पाहुणाच!" खरं तर शिडीवर कुणी चढलेलंच नाही. माणूस चढला असता तर ओल्या मातीत तिचे पाय चांगलेच रुतले असते. चोर घरातला आहे, शिडी हा देखावा. हसूही आलं आणि पुरावाही वाचकासमोर उघडा राहिला.

दुसरी चूक काळाची. कथा 1890 सालची आणि गुप्तहेर बोटांचे ठसे जुळवतोय! स्कॉटलंड यार्डात, म्हणजे लंडन पोलिसांच्या मुख्यालयात, ठशांचा विभाग 1901 मध्ये सुरू झाला, तोही बंगालमध्ये ही पद्धत राबवून गेलेल्या एडवर्ड हेन्रींच्या हाताखाली. पुढच्याच वर्षी लंडनच्या डेन्मार्क हिल भागात एका घरातून बिलियर्डचे चेंडू चोरीला गेले. खिडकीच्या ताज्या रंगात चोराच्या डाव्या अंगठ्याचा ठसा उमटला होता. त्यावरून हॅरी जॅक्सन सापडला आणि त्याला सात वर्षांची शिक्षा झाली. इतक्या क्षुल्लक ऐवजासाठी! खऱ्या खटल्यात असला मसाला पडलेला असताना लोक गुप्त भुयारं का खणत बसतात, कळत नाही.

चाव्यांचा गोंधळ नेहमीचा. चांदीची भांडी बटलरच्या, म्हणजे मुख्य नोकराच्या ताब्यात, चादरी आणि कोठीघर हाउसकीपरकडे, म्हणजे मोलकरणींच्या प्रमुख बाईकडे. उलटं लिहिलंत की संशयच चुकीच्या दारात जातो.

संशयित पाच पुरेत.

शेवटच्या पानावर अचानक कबुलीजबाब नको. तो शुद्ध आळस.

लिहिण्याआधी एका कागदावर चोराचं वेळापत्रक मांडावं, पंधरा-पंधरा मिनिटांचं. घरची मंडळी रात्री आठला जेवायला बसली की वरचा मजला रिकामा होतो, दागिन्यांची पेटी ड्रेसिंग टेबलावर राहते. त्या वेळात कोण उठलं, कोण उशिरा आलं, हे ठरलं की मगच वेंधळ्याला हवेलीत पाऊल टाकू द्यावं.