गंजात भाजलेला फोकाच्चा: लोकवन, बेसन आणि जवसाचा, मधुमेहींना मोजून खाता येईल असा

तालुक्याच्या दुकानात ‘ब्राउन’ किंवा ‘मल्टिग्रेन’ म्हणून मिळणाऱ्या पावाचं पाकीट उलटून घटक वाचा. घटक वजनाच्या उतरत्या क्रमानं छापलेले असतात. पहिलं नाव मैद्याचं आणि पुढे कुठेतरी साखर व कॅरमेलचा रंग असेल, तर तो पांढराच पाव आहे, फक्त रंगवलेला. घरी केलेला पावही काही औषध नव्हे. गहू आहे तिथे कर्बोदकं आहेतच. पण घरच्या पावात कोंडा राहतो, साखर अजिबात पडत नाही, बेसन आणि जवसामुळे गव्हाचा वाटा घटतो, आणि एका तुकड्यात किती कर्बोदकं गेली हे आपल्याला ठाऊक असतं. या चारांत शेवटचं सगळ्यात कामाचं.

इटालियन पावांतून फोकाच्चा निवडायचं कारण सोपं आहे. चियाबात्ता (हा पाव काही जुना नव्हे, १९८२ मध्ये आद्रिया गावच्या आर्नाल्दो काव्हाल्लारींनी तो काढला) उंच आणि जाळीदार व्हायला मैदा आणि कडक तापलेली भट्टी मागतो. लिगुरिया प्रांतातला फोकाच्चा मुळातच चपटा, जेमतेम दोन सेंटिमीटर जाडीचा. त्याला उंची लागत नाही, म्हणून चक्कीचं कोंड्यासकटचं पीठ चालतं. तो गॅसवर गंजातही, म्हणजे उभट पातेल्यातही, भाजता येतो, म्हणजे लाइन गेली तरी पाव अडत नाही.

पिठाचं काय करायचं

आपल्याकडे विदर्भात मटक्यावरची लांब रोटी ज्या लोकवन गव्हाच्या पिठाची होते, तेच पीठ घ्या. हातावर झुलवूनही जे तुटत नाही, त्या पिठात पाव धरून ठेवायला लागणारं ग्लुटेन पुरेसं असतं. चक्कीतून आणलेलं पीठ गरम असताना वापरू नका, डबा उघडा ठेवून पूर्ण गार होऊ द्या. बन्सी गहू घरात असेल तर चौथा हिस्सा तो मिसळायला हरकत नाही. बन्सी म्हणजे ड्युरम, कडक दाण्याचा गहू, आणि इटलीतल्या आल्तामुरा गावचा नावाजलेला पाव ड्युरमच्याच पिठाचा असतो. खपली मात्र एकटी घेऊ नका. इटलीत तिला फार्रो म्हणतात आणि तिथेही तिचा पाव बसकाच होतो, कारण तिचं ग्लुटेन कमजोर असतं. ज्वारीचं पीठ घालून रक्तातली साखर कमी होईल असं अनेकांना वाटतं. ज्वारीतली कर्बोदकं गव्हाएवढीच असतात आणि ग्लुटेन अजिबात नसतं. ज्वारीची भाकरीच खावी, तिचा पाव करू नये.

सोयाबीन वावरात पिकतं म्हणून कच्चं दळून पिठात घालू नका. कच्च्या सोयाबीनमध्ये प्रथिनं पचू न देणारे घटक असतात, ते नीट उष्णता दिल्याशिवाय जात नाहीत, आणि वासही राहतो. त्याऐवजी हरभऱ्याचं बेसन घ्या.

१८ सेंटिमीटरच्या दोन फोकाच्चांसाठी, म्हणजे एकूण १२ तुकड्यांसाठी: लोकवन कणीक २५० ग्रॅम, बेसन ५० ग्रॅम, जवसाची भरड २० ग्रॅम, पाणी २६० मिली, मीठ ५ ग्रॅम, इन्स्टंट ड्राय यीस्ट १ ग्रॅम (चहाचा पाव चमचा, किंचित शीग), व्हिनेगर चहाचा एक चमचा, घाणीचं शेंगदाणा किंवा तीळ तेल दोन मोठे चमचे. साखर, गूळ, मध काहीही नाही. ‘यीस्टला जागं करायला साखर लागते’ हा समज सोडून द्या, पिठातली साखर त्याला पुरते. वाटीच्या मापानं मात्र काम करू नका. कणीक दाबून भरली की भुरभुरून भरली यावर वाटीचं वजन खूप बदलतं, आणि इथे कर्बोदकांचा हिशेबही त्याच वजनावर उभा आहे. स्वयंपाकघरातला साधा डिजिटल काटा घ्याच.

आदल्या संध्याकाळी

कणीक सर्वात बारीक चाळणीनं चाळा. वर २० ते ३० ग्रॅम कोंडा राहील. तो फेकायचा नाही. त्यावर ५० मिली उकळतं पाणी ओता आणि झाकून गार होऊ द्या. कोरड्या कोंड्याच्या कडा धारदार असतात, त्या ग्लुटेनचे धागे कापतात. शिवाय कोंडा मागाहून पाणी ओढतो आणि पाव कोरडा पडतो. भिजवून घातला की दोन्ही टळतं आणि तंतू आपल्या पोटात जातो.

बेसन मंद आचेवर चार-पाच मिनिटं, फक्त कच्चा वास जाईपर्यंत परता. रंग बदलू देऊ नका. जवस तडतडेपर्यंत भाजून जाडसर कुटा. दळलेलं जवस लवकर खवट होतं, तेव्हा आठवड्यापुरतंच करा.

परातीत चाळलेली कणीक, बेसन, जवस आणि १९० मिली पाणी एकत्र करून नुसतं कालवा, मळू नका. ओलं कापड टाकून ४५ मिनिटं ठेवा. या वेळात पीठ पाणी पितं आणि ग्लुटेन आपोआप जुळायला लागतं. मग भिजवलेला कोंडा, यीस्ट, मीठ, व्हिनेगर, उरलेलं २० मिली पाणी आणि एक चमचा तेल घालून पाच मिनिटं कालवत मळा. गोळा पोळीच्या कणकेपेक्षा बराच सैल आणि चिकट लागेल. तसाच हवा. इथे मूठभर कोरडं पीठ टाकण्याचा मोह होतो. ते टाकलं की पाव विटेसारखा होतो आणि मोजलेला हिशेबही बिघडतो. पीठ नाही, हाताला पाणी लावा.

आता मळायचं थांबवा. ओल्या हातानं गोळ्याची एक कड ओढून वर दुमडा, परात थोडी फिरवा, पुन्हा दुमडा. चारी बाजू झाल्या की झाका. असं दर २० मिनिटांनी तीनदा करा. तिसऱ्या वेळी गोळा परातीला कमी चिकटेल आणि ओढल्यावर ताणला जाईल. तसं झालं नाही तर चौथा फेरा करा.

विदर्भाच्या हवेचा विचार

बाहेरच्या पाककृतींतलं ‘दोन तास ठेवा’ आपल्याकडे चालत नाही. मे महिन्यात अकोला-चंद्रपूरकडे पारा ४५च्या आसपास जातो तेव्हा तासाभरात पीठ फुगून आंबूस होतं आणि डिसेंबरात गोंदियाच्या थंडीत तेच पीठ सकाळपर्यंत हलत नाही. घड्याळ बाजूला ठेवून पीठ बघा: गोळा दीडपट ते पावणेदोनपट फुगलेला, वर बुडबुडे, आणि ओलं बोट टोचलं की खड्डा हळूहळू अर्धाच भरून येतो. खड्डा झटकन भरला तर अजून थांबा, आणि अजिबात भरला नाही, गोळा उलट बसला, तर वेळ गेली.

फ्रीज असेल तर उन्हाळ्यात पाणी थंडगार घ्या आणि घड्या संपताच तेल लावलेल्या डब्यात घालून १२ ते १६ तास फ्रीजमध्ये ठेवा. हिवाळ्यात आधी दीड-दोन तास बाहेर, मग फ्रीज. फ्रीज नसेल तर उन्हाळ्यात यीस्ट निम्मं करा, पाणी माठातलं वापरा, रात्री दहाला मळून पहाटे पाचला भाजा. हिवाळ्यात यीस्ट पूर्ण, आणि दहा-बारा तास सहज लागतात. लांब आंबवल्यानं चव खुलते आणि कोंडा मऊ होतो. पण त्यानं कर्बोदकं संपत नाहीत. ‘आंबवलेला आहे, मग कितीही खा’ हे चूक.

भांड्यात आणि आचेवर

१८ सेंटिमीटरच्या दोन केकच्या भांड्यांना तेल लावा. गोळ्याचे दोन भाग करून प्रत्येकी एक भांड्यात ठेवा, पण लगेच पसरवू नका. १५ मिनिटांनी बोटांनी कडेपर्यंत सरकवा. पीठ मागे ओढलं जात असेल तर आणखी दहा मिनिटं थांबा, जबरदस्तीनं ओढलं तर फाटतं. मग ३० ते ४५ मिनिटं फुगू द्या (फ्रीजमधून काढलेलं असेल तर हिवाळ्यात दुप्पट). भाजण्याआधी वर तेल लावून सर्व बोटं तळापर्यंत रोवून खळगे पाडा. लिगुरियातल्या जिनोआ शहरात या खळग्यांत तेल आणि मिठाचं पाणी ओततात. मधुमेहासोबत रक्तदाब असेल तर मिठाचं पाणी वगळा. रोझमेरीच्या जागी ओवा आणि लसणाच्या चकत्या, पातळ चिरलेला कांदा, थोडी भिवापुरी मिरची कुटून. सांबार (कोथिंबीर) वर टाकून भाजू नका, करपून कडू होतो. पाव निघाल्यावर टाका.

भाजायला जुना जाड बुडाचा जर्मनचा (अ‍ॅल्युमिनियमचा) गंज सगळ्यात बरा. तळाशी दोन सेंटिमीटर जाड मीठ किंवा धुऊन वाळवलेली रेती, त्यावर स्टँड, वर घट्ट झाकण, मध्यम आचेवर १५ मिनिटं तापवणी. प्रेशर कुकर वापरलाच तर रबर आणि शिट्टी दोन्ही काढून, आणि जुनाच. कोरडा तापवल्यानं तो खराब होतो. एक भांडं आत ठेवून २५ ते ३० मिनिटं झाकण न उघडता भाजा. दुसरं तोवर गार जागी. गंजात खालून उष्णता येते, वरून नाही, त्यामुळे पाव शिजतो पण माथा पांढरट राहतो. पाव काढून तापलेल्या कोरड्या तव्यावर उलटा टाकून दोन-तीन मिनिटं भाजा.

चुलीवर करणाऱ्यांना हा माथ्याचा प्रश्न येतच नाही. रोडगे भाजायला गोवऱ्यांचे निखारे करता तसे करा, गंज खाली थोड्या निखाऱ्यांवर ठेवा, झाकण म्हणून लोखंडी तवा घाला आणि तव्यावर खालच्या दुप्पट निखारे ठेवा. जर्मनचं झाकण इथे वापरू नका, ते निखाऱ्यांनी वितळू शकतं. ओटीजी (विजेचा छोटा ओव्हन) असेल तर दोन्ही रॉड, २२० अंश, १५-२० मिनिटं आधी तापवून, मग २० ते २५ मिनिटं.

पाव निघाला की लगेच जाळीवर काढा आणि निदान ४० मिनिटं कापू नका. गरम कापला की आतला भाग चिकट राहतो आणि लोक त्याला ‘कच्चा’ म्हणतात. घाणीचं जवस तेल असेल तर ते आचेवर नको, गार झालेल्या पावावर चमचाभर शिंपडा. त्याचा वास इथे ऑलिव्ह तेलाइतकाच शोभतो, आणि खिशालाही परवडतो.

बिघडलं तर

आत घट्ट, खाली ओलसर पट्टा: पीठ पुरतं फुगलं नव्हतं किंवा गंज आधी तापवला नव्हता. चिकट, डिंकासारखा: बेसन ६० ग्रॅमच्या वर गेलं किंवा गरम कापला. सपाट आणि आंबट: उन्हाळ्यात जास्त वेळ राहिलं. कडवट: जवस जास्त भाजलं किंवा खवट होतं. काहीच फुगलं नाही: यीस्ट मेलेलं. चिमूटभर यीस्ट कोमट पाण्यात चमचाभर कणकेसोबत कालवून ठेवा, २० मिनिटांत फेस आला नाही तर पाकीट टाकून द्या. उघडलेलं पाकीट हवाबंद करून फ्रीजमध्येच राहू द्या.

पावसाळ्यात आणि उन्हाळ्यात दुसऱ्या दिवशी पावाला पिकल्या फळासारखा गोडसर वास आला, तुकडा मोडताना तार सुटली, तर तो भाजूनही खाऊ नका. हे जिवाणूंचं काम असतं, त्यांचे बीजाणू भाजतानाही मरत नाहीत. पिठातलं व्हिनेगर त्यासाठीच आहे. खायचे तेवढे तुकडे बाहेर ठेवून बाकी गार झाल्याबरोबर फ्रीझरमध्ये टाका आणि लागेल तसे तव्यावर गरम करा.

तुकड्याचा हिशेब

या मापात साधारण १८५ ग्रॅम कर्बोदकं आहेत. १२ समान तुकडे केले तर एकेकात १५-१६ ग्रॅम. ३० ग्रॅम कणकेच्या पोळीत १९-२० ग्रॅम असतात, म्हणजे दोन तुकडे दीड पोळीएवढे झाले. जेवणात दोन तुकडे घेतले तर त्या वेळची पोळी किंवा भात तेवढा वजा करा. वरून पाव खाल्ला तर फायदा शून्य. आधी काकडी-टोमॅटो किंवा भाजी, सोबत अंडं, दही किंवा पातळ चून (पिठलं), आणि पाव शेवटी, म्हणजे साखर हळू चढते.

आपल्या अंगाला तो कसा मानवतो हे ग्लुकोमीटर सांगेल. जेवणाआधी एकदा, पहिल्या घासापासून दोन तासांनी एकदा तपासा. दुसऱ्या दिवशी तीच भाजी नेहमीच्या पोळीसोबत खाऊन पुन्हा तपासा आणि दोन्ही वाढी ताडून बघा. दोन तासांनी १८०च्या आत हे सर्वसाधारण लक्ष्य, पण डॉक्टरांनी वेगळं सांगितलं असेल तर तेच पाळा. इन्सुलिन किंवा साखर उतरवणारी गोळी चालू असेल तर नेहमीचं जेवण एकदम कमी करू नका, साखर खाली घसरते. किडनीचा त्रास असेल तर बेसन-जवसाबद्दल आधी विचारून घ्या.

गहूच नको असेल तर

त्याच लिगुरियात फारिनाता करतात: फक्त हरभऱ्याचं पीठ, यीस्ट नाही. १०० ग्रॅम बेसन, ३०० मिली पाणी, अर्धा चमचा मीठ, दोन मोठे चमचे तेल. गुठळ्या न राहू देता कालवून चार तास ठेवा (उन्हाळ्यात दोनच), वरचा फेस काढून टाका. जाड लोखंडी तवा चांगला तापवून तेल घाला, अर्धा सेंटिमीटर जाडीचं मिश्रण ओता, झाकून मंद-मध्यम आचेवर दहा-बारा मिनिटं, कडा सुटल्या की उलटा आणि उघडंच पाच मिनिटं. दिसायला धिरडं, पण आतून मऊ खिरीसारखं राहायला हवं. कोरडं झालं तर पाणी कमी पडलं किंवा थर पातळ झाला. सगळ्या १०० ग्रॅममध्ये ४५ ते ५० ग्रॅम कर्बोदकं आणि सोबत २० ग्रॅमच्या वर प्रथिनं. वरून मिरेपूड घालून गरमच खा, गार झाली की रबरी होते.