खडी-मुरूम भरलेला डंपर अडवला तर

शिळफाट्याला डंपर अडवल्यावर पहिली मागणी होते ती महाखनिज प्रणालीवरच्या (राज्य सरकारची खनिजांसाठीची ऑनलाइन प्रणाली) वाहतूक पासची. खदानीचं बिल किंवा वजनकाट्याची पावती त्याजागी चालत नाही. म्हणून गाडी हलण्याआधीच पासवरचा गाडी नंबर, ब्रास (1 ब्रास = 100 घनफूट), उतरवायचं ठिकाण आणि मुदतीची वेळ वाचून घ्या. ठाण्याच्या ट्रॅफिकमध्ये मुदत सहज उलटते, आणि मुदत संपलेल्या पासवर हुज्जत घालून उपयोग नसतो.

मालक फसतात ते दंडाच्या हिशोबात. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 48(7) खाली खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड बसतो. गाडी सोडवायचा दंड त्याहून वेगळा: 2018 च्या नियमांत ट्रॅक्टर किंवा हाफ बॉडी ट्रकला 1 लाख, डंपरला 2 लाख. चार ब्रास मुरमापायी एवढं!

जप्तीचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, तहसीलदाराहून कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्याला. सोडायचा मात्र जिल्हाधिकारी किंवा प्राधिकृत उपजिल्हाधिकाऱ्यांना. जप्तीपासून 48 तासांत प्रकरण त्यांच्यापुढे जायला हवं. पंचनाम्याची प्रत मागा, त्यात ब्रास किती लिहिलेत ते तपासा, कारण पाचपट त्याच आकड्यावर निघते. दंडासोबत मालकाचं बंधपत्रही (लेखी हमी) लागतं. ‘ड्रायव्हरने परस्पर माल भरला’ या सबबीवर गाडी सुटत नाही.