घरच्या तंबोऱ्याचा स्पेक्ट्रम कसा काढावा

दिवाळीत भाची आली होती. बीएस्सीच्या शेवटच्या वर्षाला आहे. फराळाच्या ताटावरच तिनं विचारलं, "मावशी, सोडियमच्या दिव्याचा स्पेक्ट्रम असतो आणि मॅट्रिक्सचाही स्पेक्ट्रम असतो. दोन्हीला एकच नाव कसं काय?"

मी ग्वाल्हेरच्या लष्कर भागात मुलींच्या शाळेत आयुष्यभर गणित शिकवलं. स्पेक्ट्रम म्हणजे एखाद्या वस्तूत दडलेल्या आकड्यांची यादी, मग ती वस्तू दिवा असो, तार असो की मॅट्रिक्स, म्हणजे आकड्यांचा चौकोनी तक्ता. या प्रश्नाचं तोंडी उत्तर मला देता आलं असतं. पण समोर कोपऱ्यात सासूबाईंचा मिरजेचा तंबोरा उभा होता. म्हटलं, चल, एकाच वस्तूचा स्पेक्ट्रम दोनदा काढू. एकदा यंत्रानं, एकदा पेन्सिलीनं. दोन याद्या जुळल्या तर तुझं उत्तर मिळालं. ते दोन दिवस जसे गेले तसं इथे लिहिते आहे, म्हणजे तुम्हालाही करता येईल.

आधी तंबोरा. आमचा जनानी आहे, म्हणजे बायकांच्या आवाजाचा, पेटीच्या काळी चार पट्टीला लावलेला. म्हणजे जोडाच्या, मधल्या दोन तारा साधारण २०७.६ हर्ट्झवर (सेकंदाला इतकी कंपनं) आणि खर्ज, म्हणजे सगळ्यात खालच्या सुराची तार, त्याच्या निम्म्यावर, १०३.८ वर. पेटीवरून लावा किंवा ट्यूनर वापरा, पण मनापासून लावा. (तानसेनाच्या समाधीजवळच्या चिंचेचा पाला खाल्ला की गळा सुरेल होतो म्हणतात. मी खाल्लाय. आंबट असतो. तारांना तर त्याचा काहीच उपयोग नाही.) आपल्याला फक्त खर्जाची तार हवी आहे. तिला छेडलं की बाकीच्या तिघी न छेडताच गुणगुणायला लागतात, म्हणून त्यांच्याखाली एक रुमाल दुमडून अडकवा.

नंतर शांतता, आणि ही आवाजापुरती नाही. घरातल्या विजेची गुणगुण ५० हर्ट्झची आणि तिच्या पटीतली असते. स्पेक्ट्रमच्या आलेखात तिचं १०० हर्ट्झचं शिखर आपल्या १०३.८ च्या अगदी उशाशी येऊन बसतं. पंखा, फ्रीज, इन्व्हर्टर सगळं बंद करा आणि लॅपटॉपचा चार्जर काढा. आमच्याकडे दुपारी बत्ती गुल झाली आणि आयतंच काम झालं. विजेच्या खात्याला मी पहिल्यांदाच मनातून धन्यवाद दिले.

ध्वनिमुद्रणात मी स्वतः एक घोटाळा केला. फोनमधलं नेहमीचं रेकॉर्डर ॲप वापरलं, तर तार छेडल्यावर दोन सेकंदांत आवाज गायब! तंबोरा बिघडला की कान, कळेना. मग लक्षात आलं, फोन एकसारखा चालणारा आवाज हा गोंगाट समजून पुसून टाकतो. तंबोऱ्याचं कामच एकसारखं वाजण्याचं. तेव्हा आवाज साफ करणारी सोय बंद करा, किंवा लॅपटॉपवर ऑडॅसिटी हे मोफत सॉफ्टवेअर घ्या. फक्त फोनच असेल तर जर्मनीतल्या आखेन विद्यापीठात तयार झालेलं फायफॉक्स हे ॲप चांगलं आहे, त्यात ध्वनीचा स्पेक्ट्रम थेट दिसतो. माइक तबलीवर, म्हणजे भोपळ्यावरच्या लाकडी पाटावर, टेकवू नका, खरखर येते. घोडीपासून (तबलीवरच्या ज्या पट्टीवरून तारा जातात तिच्यापासून) वीतभर अंतरावर, घडी केलेल्या टॉवेलवर ठेवा. तार एकदाच छेडा आणि ती पूर्ण विझेपर्यंत हलू नका.

ऑडॅसिटीत तो तुकडा निवडून ॲनालाइझच्या यादीतलं प्लॉट स्पेक्ट्रम उघडलं की दोन गोष्टी ठरवाव्या लागतात. पहिली, आडवा अक्ष. तो लॉग (पुढे पुढे दाटत जाणारा) ठेवू नका, लिनिअर (सगळीकडे सारख्या मापाचा) करा. का ते पुढे कळेल. दुसरी म्हणजे आकार, म्हणजे एका वेळी आवाजाचे किती नमुने मोजायचे. इथे जरा थांबते, कारण सगळी गंमत इथे आहे.

सेकंदाला ४४,१०० नमुने घेतले आणि त्यातले २,०४८ निवडले, तर आपण आवाज सेकंदाच्या विसाव्या भागाहून कमी वेळ ऐकला. इतक्या वेळात २१.५ हर्ट्झपेक्षा जवळचे दोन सूर वेगळे कळूच शकत नाहीत. खर्ज आणि विजेची गुणगुण एकाच ढिगाऱ्यात जातात. ३२,७६८ नमुने घेतले की वेळ पाऊण सेकंदाच्या आसपास जातो आणि पायरी १.३५ हर्ट्झवर येते. जितकं बारीक बघायचं तितकं जास्त वेळ ऐकायला हवं. यात सॉफ्टवेअरचा दोष नाही, कोणतंही सॉफ्टवेअर आणा, ही अडचण सुटत नाही.

भाचीनं लगेच रुमाल काढून जोडाच्या दोन तारा छेडल्या. त्यांच्यात अर्ध्या हर्ट्झचा फरक असावा, कारण दोन सेकंदांनी एक डोल ऐकू येत होता. पडद्यावर मात्र २०७ जवळ एकच शिखर. प्रयोगशाळेत सोडियमची पिवळी रेघ अशीच एक दिसते. चांगलं उपकरण लावलं की तिच्या दोन होतात, ५८९.० आणि ५८९.६ नॅनोमीटर. आपल्याकडे उपकरण न बदलता एक युक्ती आहे. दहाव्या शिखराकडे जा, म्हणजे २,०७६ च्या जवळ. तिथे फरकही दसपट होतो, अर्ध्याचे पाच हर्ट्झ, आणि एका शिखराची दोन टोकं झालेली दिसतात. तंबोरा लावणाऱ्यांना हे हातानं माहीत असतं. ते जोड जुळवताना खालचा सूर ऐकत नाहीत, वरची झणझण ऐकतात.

आता खर्जाचं चित्र वाचा. सगळ्यात उंच शिखर म्हणजेच सूर, असं समजाल तर फसाल. आमच्या चित्रात १०३.८ चं शिखर बुटकंच होतं. छोट्या माइकांना खालचे आवाज नीट पकडता येत नाहीत, आणि तंबोऱ्याचाही सगळा जोर वरच्या सुरांवर. शिखरांची उंची सोडा, त्यांच्यातलं अंतर मोजा. १०३.८, २०७.६, ३११.४, ४१५.२, ५१९... लिनिअर अक्षावर ही शिखरं कुंपणाच्या खांबांसारखी सारख्या अंतरावर दिसतात. पाचवं, ५१९ वालं, म्हणजे गंधार. खर्ज नीट लागला की त्यातून गंधार आपोआप ऐकू येतो, तोच हा. गवई त्याला स्वयंभू म्हणतात. खात्री करायची असेल तर घोडी ते वरची पट्टी हे अंतर मोजा. आमचं ८५ सेंटीमीटर आहे. त्याच्या पाचव्या भागावर, १७ सेंटीमीटरवर, बोट नुसतं टेकवा आणि तार छेडा. बाकीचे सूर गळतात आणि गंधार उघडा पडतो.

ही झाली पहिली यादी. दुसरी स्वयंपाकघराच्या ओट्यावर, बिलाच्या मागच्या कोऱ्या बाजूवर काढली.

ताणलेल्या बिनवजनाच्या दोऱ्यात सारख्या अंतरावर तीन मणी ओवलेत असं समजा. प्रत्येक मण्याला त्याचे शेजारी ओढतात. त्याच्यावरचा ओढा किती? स्वतःच्या सरकण्याची दुप्पट, वजा दोन्ही शेजाऱ्यांचं सरकणं. तेच मॅट्रिक्समध्ये:

२  −१  ०
−१  २  −१
०  −१  २

आता आकार शोधायचा असा, की त्याला या मॅट्रिक्सनं गुणलं तर तोच आकार परत यावा, फक्त कमीजास्त पटीत. सूत्र विसरा, हातानं करून बघा. (१, √२, १) घ्या, म्हणजे तिन्ही मणी एकाच बाजूला, मधला जास्त. पहिल्या ओळीचं उत्तर २ − √२, म्हणजे ०.५८६. दुसरीचं २√२ − २, म्हणजे ०.८२८, आणि ते √२ च्या बरोबर ०.५८६ पट. तिसरी पहिलीसारखीच. आकार जसाच्या तसा परत आला. (१, ०, −१) घेतलं तर पट २ येते. (१, −√२, १) ला ३.४१४. बस्स, चौथा नाही. ०.५८६, २ आणि ३.४१४ हा या मॅट्रिक्सचा स्पेक्ट्रम.

कंपनसंख्या या आकड्यांच्या वर्गमुळांच्या प्रमाणात असतात. वर्गमुळं काढून पहिल्यानं भागलं तर १, १.८५, २.४१ येतात. भाचीचा चेहरा पडला. कुंपण तर १, २, ३ असं होतं!

तीन मण्यांची तार म्हणजे तार नव्हेच. पन्नास मणी घ्या. त्यासाठी मॅट्रिक्स गुणायची गरज नाही, एक सोपी रीत आहे: मण्यांच्या संख्येत एक मिळवा, दुप्पट करा आणि १८० अंशांना त्यानं भागा. त्या कोनाची साइन पहिल्या सुराची, दुप्पट कोनाची दुसऱ्याची, तिप्पट कोनाची तिसऱ्याची. पन्नास मण्यांना दुसरा सूर पहिल्याच्या १.९९९ पट आणि पाचवा ४.९८ पट येतो. मणी वाढवत गेलात की दोन याद्या एकमेकींवर बसतात.

नावाबद्दल. गणितात या यादीला स्पेक्ट्रम म्हणायला जर्मन गणितज्ञ हिल्बर्टनं विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात सुरुवात केली. अणूंच्या रेघांचा आणि या गणिताचा संबंध तेव्हा माहीत नव्हता. तो १९२६ मध्ये भौतिकशास्त्रज्ञ श्रोडिंगरनं दाखवला, आणि त्याच्या लेखांच्या शीर्षकातच आयगेन शब्द होता. जर्मनमध्ये आयगेन म्हणजे स्वतःचं. आपण काढलेल्या ०.५८६, २ आणि ३.४१४ सारख्या आकड्यांना आयगेन व्हॅल्यू म्हणतात, म्हणजे त्या मॅट्रिक्सची स्वतःची मूल्यं. कुणी बाहेरून दिलेली नव्हेत. स्वयंभू गंधारातलं स्वयंभू याहून फार वेगळं नाही. मी इतकी वर्षं फळ्यावर आयगेन लिहिलं आणि घरात स्वयंभू ऐकलं, पण दोन्ही एकत्र कधी मनात आलं नाही.

अणूत एक फरक मात्र आहे, तो परीक्षेत चुकवू नका. तारेत शिखर म्हणजेच तिची स्वतःची कंपनसंख्या. अणूत रेघ म्हणजे ऊर्जेच्या दोन मूल्यांमधला फरक. त्यामुळे हायड्रोजनच्या रेघा कुंपणासारख्या न येता ६५६, ४८६, ४३४, ४१० नॅनोमीटर अशा एकमेकींकडे सरकत दाटत जातात. त्यांचं सूत्र १८८५ मध्ये बामर यांनी शोधलं. तेही मुलींच्या शाळेत गणित शिकवायचे, हे मी इथे मुद्दाम लिहिते आहे.

आता न जुळणारी गोष्ट. तंबोरा तारेच्या मध्याजवळ छेडतात. बरोबर मध्यावर छेडलं तर २, ४, ६ या सम क्रमांकांचे सूर उठायलाच नकोत, कारण त्या कंपनांत मधला बिंदू स्थिरच असतो. आम्ही ४२.५ सेंटीमीटरवर खूण करून छेडलं. सम शिखरं ठणठणीत हजर! सी. व्ही. रामन यांनी १९२१ मध्ये कोलकात्यात हेच नोंदवलं होतं: तंबोरा आणि वीणा हा नियम पाळत नाहीत, आणि कारण त्यांची पसरट, बाक असलेली घोडी. तार प्रत्येक हेलकाव्यात घोडीला थोडी चिकटते, थोडी सुटते. आपल्या मण्यांच्या गणितात प्रत्येक कंपन आपापलं चालतं, एकाचं दुसऱ्याला काही देणंघेणं नसतं. घोडीवर मात्र ती एकमेकांत ऊर्जा वाटून घेतात. कुठले सूर शक्य आहेत ते मॅट्रिक्स सांगतं. त्यातला कोण किती बोलेल ते जवारी, म्हणजे घोडीचा हा बाक आणि तिच्यावरचा दोरा, ठरवते.

हेही तपासता येतं. घोडीवरून तारेखालचा सुती दोरा काढा आणि त्याच मध्यावर छेडा. आवाज सपाट होतो आणि सम शिखरं खाली बसतात. पूर्ण जात नाहीत, कारण घोडीचा बाक आहेच आणि बोट काही बिनचूक मध्यावर पडत नाही. मग दोरा परत घाला आणि केसभर केसभर सरकवत दर वेळी मुद्रण करा. एका जागी उजवीकडची शिखरं एकदम भरून येतात. तिथे पेन्सिलीची बारीक खूण करा. दोरा हलला की सूरही किंचित हलतो, म्हणून घोडीमागचा मणी सरकवून खर्ज आधी १०३.८ वर आणा आणि मगच पुढची नोंद घ्या.